घाण्याच्या आवाजात लिहिलेली वही

कुरवंड्याला पहाटेच पोचा. लोणावळा अजून उठायचा आहे, नागफणीचं टोक ढगात बुडालंय, आणि तुमच्या पायाशी गवतातून जे पाणी वाट काढतंय ते एका ढांगेत ओलांडता येईल. हीच इंद्रायणी. थोडं खाली गेली की भुशीच्या पायऱ्यांवरून ती फेसाळत उतरेल, शनिवार-रविवारी माणसं तिच्यात बसून भाजलेली कणसं खातील, पोरं ओरडतील. तिथे थांबायचं नाही. तुम्हाला एका गायकाच्या गावी जायचंय. स्वतः रचणारा, स्वतःच गाणारा, आणि हयातीतच ज्याची गाणी मावळभर लोकांच्या तोंडी झाली असा हा माणूस. वाट सोपी आहे. नदीचा काठ तेवढा सोडू नका. पाणी उताराला लागेल, तुम्ही वर्षं मागे टाकत चला.

आधी एक्स्प्रेसवेची घरघर थांबते. मग भुशीचं धरण नाहीसं होतं. ते रेल्वेच्या वाफेच्या इंजिनांना पाणी मिळावं म्हणून बांधलेलं. आता इंजिनंच नाहीत, कारण बोरघाट चढून गाडी आली ती १८६३ साली, आणि तुम्ही कधीच त्याच्या मागे गेला आहात. कार्ल्याची लेणी मात्र डोंगरात आहेत तिथेच आहेत, लोहगड आहे, विसापूर आहे. कामशेत ओलांडता. वडगावपाशी क्षणभर बंदुकांचा धूर दिसतो, १७७९ चा जानेवारी आहे, इंग्रजांची फौज मराठ्यांनी कोंडून धरलीय; पण ती दुसरी गोष्ट, पुढे व्हा. इंदोरीला दाभाड्यांची गढी दिसेल म्हणून मान वर करता, तर तिथे नुसता माळ. उजव्या-डाव्या हाताला जे डोंगर दिसतात त्यातला एक नीट बघून ठेवा. तो भंडारा. तिकडे आपण नंतर येणार आहोत.

नदीत पाणी नाही, हे तुमच्या आता लक्षात येतं.

साल १६३१. आधीच्या वर्षी पावसानं दगा दिला आणि या वर्षीही आभाळ कोरडं आहे. मावळात पाऊस नाही, असं तुम्ही कधी ऐकलेलं नाही. इथली घरं, इथली शेतं, इथलं बोलणंसुद्धा पाऊस धरून चालतं. भाताची खाचरं तडकून त्यांची ढेकळं झालीयत. गुरांचे सांगाडे काठाला पडलेत आणि त्यांच्यावर गिधाडंही नाहीत, तीही कुठे लांब गेली असावीत. एक म्हातारी कोरड्या पात्रात हातानं झिरा उकरत बसलीय. तुम्हाला बघून ती विचारते, "कंच्या गावचा रं बाबा? तिकडं हाये का पाणी?" तुम्ही खोटं बोलू नका. मान हलवा आणि पुढे चला.

देहू हे मावळाच्या वेशीवरचं गाव. त्या गायकाचं, म्हणजे मोऱ्यांचं, घर शोधायला कष्ट पडत नाहीत. गावच्या बाजारपेठेची महाजनकी त्यांच्याकडे, सावकारी त्यांच्याकडे, आणि घरचं विठ्ठलाचं देऊळही त्यांचंच, विश्वंभरबाबांच्या पिढीपासूनचं. त्या घरचा कर्ता मुलगा आज तेविशीचा आहे. जन्म १६०८ चा धरतात. आई कनकाई आणि वडील बोल्होबा गेले. थोरला भाऊ सावजी बायको गेल्यावर तीर्थाला निघून गेला तो गेलाच. दुकान बसलं. संतचरित्रकार महिपतींनी पुढे लिहून ठेवलंय की हा माणूस कोकणात मिरच्या विकायला गेला आणि तिथे भाबडेपणानं नागवला गेला. व्यापार त्याला जमला नाही. पण आज दारात उभे राहिलात तर मिरच्यांची गोष्ट सुचणार नाही. थोरली बायको रखमा दम्यानं आधीच खंगलेली, ती अन्न अन्न करत गेली. लहानगा संतूही गेला. रखमाची ही गोष्ट त्यानं स्वतःच पुढे आपल्या एका अभंगात सांगितली, आणि ती इतक्या कमी शब्दांत सांगितली की वाचणारा माणूस पुढच्या ओळीवर जाऊ शकत नाही. धाकटी जिजाई, पुण्याच्या गुळव्यांची लेक, चुलीपाशी बसलीय. चुलीत जाळ नाही.

तुम्ही दारात उभं राहून काय करणार? थोडे दिवस पुढे सरका.

तो घर सोडून भामचंद्राच्या डोंगरावर जाऊन बसला होता. पंधरा दिवसांनी धाकटा भाऊ कान्होबा त्याला शोधत गेला, परत घेऊन आला. आता दोघे भाऊ इंद्रायणीच्या काठी उभे आहेत आणि मध्ये कर्जखतांचं गाठोडं आहे. गाव लांबून बघतंय. दुष्काळात सावकार गाठोडं सोडतो तेव्हा काय होतं हे गावाला माहीत आहे, म्हणून कुणी जवळ येत नाही.

जवळ जा, वाकून बघा. जाड, पिवळट कागद, मोडीत लिहिलेला, आणि खाली सहीच्या जागी एक छोटी आकृती: नांगर. कुणब्याची निशाणी. लिहिता न येणाऱ्यानं दिलेलं वचन. एकेका कागदावर एकेक नांगर, म्हणजे एकेक शेत, एकेक घर. गाठोड्याचे दोन वाटे होतात. अर्धी खतं कान्होबाची, त्यानं ती सांभाळावीत, त्याला संसार आहे. उरलेली अर्धी तुकाराम उचलतो आणि नदीत टाकतो. डोहात जे काही पाणी उरलंय त्यात कागद आधी तरंगतो, मग शाई सुटते, मग जड होऊन खाली जातो. लांबच्या गर्दीतून कुणीतरी मोठ्यानं रडतं. कोण ते कळत नाही.

हे दृश्य डोक्यात पक्कं धरून ठेवा. याच नदीत, याच माणसाचे कागद आणखी एकदा बुडणार आहेत.

आता भंडारा. इंदोरीच्या बाजूनं चढा. उन्हाळ्याची सकाळ आहे, करवंदाच्या जाळ्यांतून पायवाट आहे, आणि वर खडकात कुणा भिक्खूंनी शतकांपूर्वी कोरलेली लेणी आहेत. लेण्याच्या सावलीत तो बसलाय. पुढ्यात ज्ञानेश्वरी, एकनाथांचं भागवत, नामदेवांचे अभंग. ओठ हलतायत. तो पाठ करतोय.

मला ही गोष्ट सगळ्यात मोलाची वाटते आणि तिच्यावरून आपण फार घाईनं पुढे जातो. तुकारामांना आपण थेट कळसावर बघतो. ते स्वतः मात्र सांगतात की आधी मन अभ्यासात नव्हतं, एकादशीला कीर्तन करू लागलो, संतांची वचनं पाठ केली, आणि जे पुढे उभे राहून गात त्यांच्या मागे उभं राहून धृपद धरलं. म्हणजे या माणसाची गाण्यातली सुरुवात मागच्या रांगेतून झाली. कीर्तनात पुढचा माणूस ओळ टाकतो, मागचे टाळकरी ती उचलतात, परत परत म्हणतात, पुढच्याला श्वास घ्यायला जागा देतात. हे मागचं काम. त्याला नाव होत नाही. दिवाळं निघालेला, बायको-पोर गमावलेला एक वाणी कितीतरी एकादशा हे मागचं काम करत उभा राहिला.

दुपार होते. खालून जिजाई येतेय, डोक्यावर भाकरीची पाटी. हा डोंगर तिनं किती वेळा चढला असेल. लोकांनी तिला आवली म्हटलं, कजाग म्हटलं, विठ्ठलाला शिव्या देणारी म्हटलं. तुम्ही तिच्या पायांकडे बघा. टाचा फुटलेल्या आहेत आणि तरी ती चढतेय. भाकरी बांधून घेऊन रोज डोंगर चढणाऱ्या बाईनं देवाशी भांडायचं नाही तर कुणी भांडायचं? भाकरी ती त्याच्यापुढे ठेवते, समोर बसते, आणि तो जेवेपर्यंत उठत नाही.

याच काळात केव्हातरी त्याला स्वप्न पडलं. नामदेव आले, सोबत विठ्ठल, आणि नामदेवांनी आपलं राहिलेलं काम त्याच्यावर टाकलं: अभंग रच. दुसऱ्या एका स्वप्नात बाबाजी चैतन्यांनी मंत्र दिला, माघ शुद्ध दशमी, गुरुवार. त्याची आठवण म्हणून भंडाऱ्यावर आजही माघात सप्ताह भरतो आणि पंचक्रोशीतून माणसं भाकऱ्या घेऊन चढतात. स्वप्नातून उठून तो बोलू लागला आणि ते बोलणं मात्रेत, यमकात, चालीत येऊ लागलं.

रात्र. देहूचं देऊळ, तुकारामांनी स्वतः दुरुस्त केलेलं. साल १६४० च्या आसपासचं. दिवट्यांच्या उजेडात माणसं दाटीनं बसलीयत, कुणबी, माळी, कासार, तेली, बाया एका बाजूला पदर ओढून. तुम्ही खांबाला टेकून बसा. मृदंगवाला डाव्या पुडीला कणीक थापतोय, बोटानं दाबून बघतोय, आणखी जरा लावतो. वीणा झंकारते. मागे चौदा टाळकरी उभे आहेत, सगळ्यांची ओळख पटणार नाही, काहींची सांगतो. तो कान्होबा, भाऊ. ते कडूसचे गंगाजी मवाळ. ते लोहगावचे शिवबा कासार. लोहगाव हे कनकाईचं माहेर, तिथे बुवांची कीर्तनं फार होतात. तो नावजी माळी. आणि त्या टोकाला अंगानं मजबूत, हाताच्या रेषांत तेल मुरलेलं असा संताजी जगनाडे, तेली. चाकणला बुवांचं कीर्तन ऐकलं आणि तेव्हापासून सोबत सोडली नाही.

गाणं सुरू होतं. ओळी मी इथे लिहीत नाही, तुम्हाला त्या येतात. लहानपणी कुठेतरी कानावर पडून आत जाऊन बसल्यात. त्यापेक्षा गाणं चालतं कसं ते बघा. मोठ्या अभंगाची ओवी चार तुकड्यांची: पहिले तीन सहा-सहा अक्षरांचे, शेवटचा चार अक्षरांचा. दुसऱ्या आणि तिसऱ्या तुकड्याला यमक. म्हणजे कानाला एक टाळी मिळते, लगेच दुसरी मिळते, आणि मग चार अक्षरांत ओळ जमिनीवर येते. सहा अक्षरं हे एका दमाचं माप आहे, जात्याच्या एका फेऱ्याचं, मोटेच्या एका ओढीचं. मध्ये धृपद परत परत येतं, तेवढ्यात नवशिक्यालाही पाठ होतं. आणि शेवटी कवीचं नाव, म्हणजे गाणं कुणाचं हे गाण्यातच बांधलेलं. कागदाची गरज नाही. पाठांतराला इतकी सोयीची घडण दुसऱ्या कुठल्या रचनेत मला दिसलेली नाही.

तुकाराम पुढे उभे आहेत. आवाज फार गोड आहे असं नाही. पण शब्द असा टाकतात की तो ऐकणाऱ्याच्या घरातला वाटतो: माप, तागडी, उसनं, व्याज, बियाणं, कणीस. दुकान बुडालं तरी दुकानाची भाषा राहिली, आणि ती त्यांनी देवाच्या हिशेबाला लावली. ढोंगी माणसाला ते नाव न घेता असे शब्द मारतात की पुढच्या रांगेतला एकजण चुळबुळतो. बाया हसतात. मग आवाज एकदम खाली येतो, आणि देऊळ गप्प होतं. ओळ पुढे येते, चौदाजण ती उचलतात, मग सभा उचलते. तिसऱ्या वेळी तुमच्याही तोंडातून येते.

उजाडताना संताजीच्या मागोमाग सुदुंबऱ्याला चला. हे गाव मावळात, देहूपासून पायी जाण्यासारखं. घाणा सुरू झालाय. बैलाच्या डोळ्यांवर झापड आहे, लाट उखळात कुरकुरत फिरते, करडईचा वास घरभर आहे, खाली भांड्यात तेलाची धार. संताजी बैलाला एक हाक देतो आणि ओट्यावर बसतो. मांडीवर वही. बोरू शाईत बुडवतो, दौतीच्या काठावर निथळतो, आणि काल रात्रीचं गाणं ओठांत घोळवत लिहू लागतो. अक्षर पंडिताचं नाही. कुठे ऱ्हस्व-दीर्घ चुकतं, कुठे जसं कानावर आलं तसं लिहिलं जातं. घाण्याचा आवाज मंद झाला की मान वर न करता बैलाला पुन्हा हाक. कागदाच्या कडेला अंगठ्याचा तेलकट ठसा उमटतो. तो पुसायला जातो, आणखी पसरतो, सोडून देतो.

हा ठसा मी मनानं बघितलेला आहे, पुरावा मागू नका. पण एका तेल्यानं आपला धंदा सांभाळत तुकोबांचे अभंग लिहून ठेवले, याबद्दल मावळात कुणाला शंका नाही. त्याच्या स्वतःच्या नावावरही घाण्यावरचे अभंग सांगतात. कामाच्या जागेतच त्याला गाणं सापडलं होतं.

तुमच्या मनात आता पुढची गोष्ट आली असेल. तिच्याकडे जायला पाय जड होतात, तरी चला.

वाघोलीचे रामेश्वर भट्ट विद्वान होते. शूद्र माणूस वेदांचा अर्थ प्राकृतात सांगतो, आणि ब्राह्मण त्याच्या पाया पडतात, हे त्यांना सहन झालं नाही. आज्ञा झाली: कवित्व बंद, लिहिलेलं पाण्यात. तुकारामांनी वाद घातला नाही. वह्या बांधल्या, वर दगड बांधला, आणि इंद्रायणीच्या डोहात सोडल्या.

तुम्ही त्याच काठावर उभे आहात जिथे खतं बुडाली होती. त्या दिवशी तो हात मोकळा झाला होता. आज तोच हात पाण्यावर तसाच धरलेला राहिलाय. काठावरचे काही लोक म्हणतात ते तुमच्याही कानावर येतं: आधी प्रपंच बुडवला, आता परमार्थ बुडवला. हे वाक्य त्याला दगडापेक्षा जास्त लागलं असणार. महाद्वारासमोरच्या शिळेवर तो बसतो. अन्न नाही, पाणी नाही.

तेरा दिवस.

या तेरा दिवसांत तुम्ही शिळेपाशी बसून राहू नका. फिरा. पहिल्या दिवशी पहाटे देहूच्या गल्लीतून जाताना जात्याचा आवाज ऐकू येईल. बाई दळतेय आणि गातेय. थांबून ऐका, ओळ बुडालेल्या वहीतली आहे. इंदोरीच्या माळावर गुराखी पोरगं धृपद म्हणतंय, पुढचं त्याला येत नाही, म्हणून तेच दहा वेळा म्हणतंय. तिसऱ्या-चौथ्या दिवशी सुदुंबऱ्याला जा. घाणा चालू आहे. संताजीचे ओठ हलतायत. लोहगावला शिवबा कासाराच्या भट्टीपाशी, कडूसला गंगाजींच्या ओसरीवर, जिथे जाल तिथे कुणीतरी मागच्या रांगेतला माणूस आहे, आणि त्याच्या गळ्यात पुढच्या माणसाचं गाणं आहे. कुणाला चार येतात, कुणाला चाळीस. एकाला पहिलं चरण आठवतं, दुसरा यमकावरून पुढचं सांगतो. सहाव्या दिवशी एका पारावर दोघे भांडताना दिसतील, शब्द हा की तो. भांडू द्या. असं भांडण आपल्या मालकीच्या गोष्टीवरच होतं.

तेराव्या दिवशी वह्या कोरड्या वर आल्या. देहूची श्रद्धा तेच सांगते, आणि बहिणाबाईंनीही ते लिहून ठेवलंय. या बहिणाबाई शिऊरच्या, वयानं पोरसवदा, नवऱ्याचा विरोध सोसून तुकोबांच्या ओढीनं देहूला येऊन राहिल्या आणि तिथल्या मंबाजी गोसाव्याचा जाच सोसूनही टिकल्या. त्यांच्या शब्दावर मी शंका घेत नाही. लोक याला लोकगंगा म्हणतात: गाथा लोकांच्या गंगेत तरली. या दोन सांगण्यांत मला भांडण दिसत नाही. कर्जाचे कागद बुडाले ते गेले, कारण ते पुन्हा आठवावेत असं कुणालाच वाटत नव्हतं. गाण्याचे कागद बुडाले तेव्हा पंचक्रोशी ते आठवत बसली होती. आणि आठवणारे होते धृपद धरणारे. स्वतः मागच्या रांगेत उभं राहून ज्यानं दुसऱ्याची गाणी वाहिली, त्याची गाणी त्याच्या मागच्या रांगेनं वाहिली.

रामेश्वर भट्टांना पुढे पश्चात्ताप झाला आणि ते शिष्य झाले. तुकोबांची आरती त्यांचीच आहे, आज गावोगाव म्हणतात. ज्यांनी वह्या बुडवायला लावल्या तेही टाळ घेऊन मागे उभे राहिले, हे मला त्या वह्या तरण्याइतकंच थोर वाटतं.

१६५० च्या फाल्गुन वद्य द्वितीयेला, बीजेच्या दुपारी, मी तुम्हाला नेत नाही. तुकाराम सदेह वैकुंठाला गेले असं वारकरी मानतात, देहूत नांदुरकीच्या झाडाखाली दर बीजेला लाखो लोक त्या घटकेची वाट बघत उभे राहतात. तिथे उपऱ्यासारखं उभं राहून बघत बसणं बरं नाही. त्यापेक्षा घरी जा. जिजाई पोटुशी आहे. नारायण जन्माला येईल, मोठा होईल, आणि १६८५ पासून बापाच्या पादुका पालखीत घालून आळंदीला, तिथून ज्ञानोबांसह पंढरीला नेऊ लागेल. गाणं आता एका गावाचं राहणार नाही.

संताजीचंही एवढं बघा. सुदुंबऱ्यात त्याची समाधी आहे. गोष्ट सांगतात की त्याला माती देताना चेहरा काही केल्या झाकेना. तेव्हा वैकुंठाला गेलेले तुकाराम परत आले, तीन मुठी माती घातली, आणि मग चेहरा झाकला गेला. शेवटी माती द्यायला येईन असं वचन त्यांनी त्याला दिलेलं होतं म्हणे. मित्राची मैत्री सांगायला मावळानं याहून चांगली गोष्ट रचली नाही.

आता परत फिरा, पाण्याबरोबर न जाता वर्षांबरोबर. ही वाट भराभर संपते. १७७४ साली ताहराबादचे महिपती 'भक्तलीलामृत' पुरं करतात आणि मिरच्यांपासून वैकुंठापर्यंतच्या सगळ्या गोष्टी त्यात येतात. १८५८ ला खंडाळ्यापासून पुण्यापर्यंत रूळ. आणि थोड्याच वर्षांत तळेगाव, कडूस, देहू आणि पंढरपूर इथली हस्तलिखितं मुंबईच्या विद्वानांपुढे उघडली जातात. विष्णुशास्त्री पंडित आणि शंकर पांडुरंग पंडित त्यांचे पाठ ताडून बघतात. १८६९ आणि १८७३ मध्ये इंदुप्रकाश छापखान्यातून सरकारी मदतीनं गाथा दोन भागांत बाहेर येते, साडेचार हजारांच्या घरातले अभंग. ऱ्हस्व-दीर्घाचे, एका शब्दाचे, एका चरणाचे जे फरक तळटीपांत दिसतात ते मला पारावरच्या त्या भांडणासारखे वाटतात. १९१९ च्या सुमारास वि. ल. भावे संताजीच्या वहीवरून वेगळी गाथा छापतात आणि तिला 'अस्सल' म्हणतात. तेल्याच्या अक्षराला हे नाव मिळायला पावणेतीनशे वर्षं लागली.

१९३६ ला पुण्यात थोडं थांबा. प्रभातच्या स्टुडिओत विष्णुपंत पागनीस वीणा घेऊन उभे आहेत, गौरीबाई जिजाई झाल्यात, दामले-फत्तेलाल कॅमेऱ्यामागे. 'संत तुकाराम' पुढच्या वर्षी व्हेनिसला जाऊन नावाजला जाईल. त्यात बीजाबद्दलचं एक गाणं आहे, शांताराम आठवल्यांनी नव्यानं लिहिलेलं, आणि ते इतकं बेमालूम की जाणत्यांनी ते गाथेत शोधलं. तीनशे वर्षांनी जन्मलेला एक कवी त्या मागच्या रांगेत गुपचूप जाऊन उभा राहिला आणि कुणाच्या लक्षातही आलं नाही.

तळेगावला तुम्ही आजमध्ये पोचता. संध्याकाळची लोकल आहे, पुण्याहून लोणावळ्याकडे जाणारी, डबा भरलेला. कारखान्यातून सुटलेली माणसं, कॉलेजची पोरं, भाजीच्या रिकाम्या पाट्या. खिडकीतून भंडाऱ्याचा डोंगर दिसतो, वर मंदिराचं काम चाललेलं. दारापाशी चार-पाचजण उभे आहेत, एकाच्या पिशवीतून टाळ निघतात. पुढचा माणूस, पन्नाशीचा, गणवेशातला, डोळे मिटतो आणि ओळ टाकतो. मागचे उचलतात. वडगाव जातं, कान्हे जातं. खिडकीबाहेर इंद्रायणी जातीच्या भाताची खाचरं ओली चमकतायत, पाऊस भरपूर आहे.

तुमच्या शेजारचा तरुण कानातले इअरफोन काढून खिशात ठेवतो. मान वर करून बघतो, कुठे उचलायचं ते ऐकतो. दुसऱ्या फेरीला त्याचं चुकतं, अर्ध्या अक्षरानं पुढे जातो. पुढचा माणूस डोळे न उघडता हातानं खूण करतो: थांब, आता. तिसऱ्या फेरीला तो बरोबर धरतो. कामशेत आलं तरी गाणं संपलेलं नाही.